मधला पट्टा

सकाळची धार काढून झाली की धाकटा दुधाची बादली बायकोच्या हातात द्यायचा, तोंडावर पाण्याचा हबका मारायचा, घसा खाकरून मोकळा करायचा आणि नदीवर भांडायला जायचा.

पलीकडच्या काठावर थोरला भाऊ बहुतेक वेळा आधीच येऊन उभा असे. डोक्याला टॉवेल, हातात काठी आणि मागं जरा अंतरावर त्याची बायको, पाण्याचा तांब्या घेऊन. भांडताना घसा सुकतो.

"उजाडलं का रे तुझंऽऽ?" थोरला सुरुवात करायचा.

"मी धार काढून आलोयऽऽ! तुझ्यासारखा रिकामा नाहीऽऽ!"

"पट्टा कुणाचाऽऽ?"

"माझाऽऽ!"

"तुझ्या सासऱ्यानं दिला काऽऽ?"

"सासऱ्याचं नाव काढू नकोसऽऽ! तो गेलाऽऽ!"

थोरला थांबला. काठी दुसऱ्या हातात घेतली. "कधीऽऽ?"

"मंगळवारीऽऽ!"

"वाईट झालंऽऽ! माणूस चांगला होताऽऽ! पट्टा माझाऽऽ!"

हे असं. नदी तिथं चांगली रुंद आहे आणि एवढ्या रुंदीवरून भांडायचं तर काही पथ्यं पाळावी लागतात. एका वेळी एकच वाक्य. ते पलीकडं पोचेपर्यंत गप्प राहायचं. समोरच्यानं हात वर केला की त्याला ऐकू आलं, आता पाळी त्याची. वारा उलटा असेल तर तो पडेपर्यंत दोघांनी आपापल्या काठावर बसून घ्यायचं. टोमणे, चिमटे, तिरकं बोलणं असला बारीक माल पाण्यावरून पलीकडं जातच नाही, अर्ध्या वाटेत बुडतो. त्यामुळं जे असेल ते सरळ आणि ठळक बोलावं लागतं. गावात एवढ्या शिस्तीत दुसरं काहीच होत नसे. गावच्या सभेत सगळे एकदम बोलत आणि कुणीच ऐकत नसे. इथं दोन माणसं वीसेक वर्षं एकमेकांचं वाक्य पुरं ऐकून घेत आली होती.

दोघांकडं मोबाइल होते. एकमेकांचे नंबरही होते. पण फोनवर भांडायची दोघांनाही लाज वाटायची. ते काहीतरी चोरून बोलल्यासारखं वाटतं.

वीसेक वर्षांपूर्वी ही नदी नव्हती. म्हणजे होती, पण इथं नव्हती. ती थोरल्याच्या घराच्या पार मागनं, खडकाच्या पलीकडून जायची. एका पावसाळ्यात वरच्या अंगाला दरड कोसळली, पाण्याची वाट बुजली आणि नदीनं जे मोकळं दिसलं त्यातून वाट काढली. मोकळं होतं ते या दोघांचं शेत. थोरला घरात होता, तो घरासकट तिकडं राहिला. धाकटा नव्या बायकोला घेऊन गुरं सोडवायला गोठ्यावर आला होता, तो गोठ्यासकट इकडं राहिला. भावाभावांच्या वाटणीला एरवी जन्म जातो. नदीनं ती दुपारच्या आत करून टाकली आणि कुणाला विचारलंही नाही.

दोन्हीकडचे तुकडे जवळपास सारखे आले. राहिला तो मधला पट्टा. काळीभोर माती, बापानं खोदलेली विहीर, बांधावर आंबा. सगळ्या शेतातली सगळ्यात चांगली जमीन, आणि ती आता पाण्याखाली होती. तिथं पेरता येत नव्हतं, राखणीला बसता येत नव्हतं, विकतो म्हटलं तर घेणारा आधी पोहता येणारा असावा लागला असता. भांडण मिटत नव्हतं ते त्यामुळंच. जमीन वर असती तर दोघांतल्या एकानं ती कधीच नांगरली असती आणि दुसऱ्यानं चार वर्षं रडून सोडून दिली असती. मोजणीवाला एकदा आला. नावेतून फिरला. मालक म्हणून त्यानं नदीचं नाव सांगितलं आणि निघून गेला. हे दोघांनाही मान्य झालं नाही. नदीनं त्या जमिनीत काय राबून घातलं होतं?

पहिल्याच भांडणात एक गोष्ट ठरून गेली होती. जो पाणी ओलांडून पलीकडं जाईल, त्यानं पट्टा सोडला. उन्हाळ्यात पाणी गुडघ्यापर्यंत उतरायचं. गावातली वासरंसुद्धा इकडून तिकडं जायची. हे दोघे मात्र पावलं भिजू नयेत म्हणून काठापासून हातभर मागं उभे राहायचे.

धाकट्याला पोरगी झाली ती याच काठावर. तिनं आपला काका आजवर अंगठ्याएवढाच पाहिला होता. ती रांगायला लागली तेव्हापासून बापाच्या मागं नदीवर यायची, आणि थोरला भर भांडणात मधेच काठी उगारून ओरडायचा, "गाढवाऽऽ! पोरगी पाण्याकडं चाललीय, उचल आधीऽऽ!" धाकटा तिला उचलायचा, कडेवर घ्यायचा आणि मग भांडण जिथं थांबलं होतं तिथून पुढं चालू व्हायचं. ताप आला, दात आले, शाळेत गेली, शाळेतून काढली, पुन्हा घातली, सगळं काकाला कळत गेलं. पट्ट्याच्या वाक्यांच्या मधे मधे.

गावात भांडणं मिटवायची एक समिती होती. तिचे अध्यक्ष समेटअण्णा. त्यांचं खरं नाव त्यांच्या बायकोला तरी आठवत असेल की नाही, शंका आहे. गावातली सगळी भांडणं त्यांनी मिटवली होती, हे एक सोडून. त्यापायी ते दर आठवड्याला धाकट्याच्या अंगणात येऊन बसायचे, चहा प्यायचे आणि म्हणायचे, "बाबा रे, पाण्याखालची माती ती. सोड ना. मरताना माझ्या छातीवर एवढा एक दगड ठेवू नकोस."

मग पर्यटनवाले साहेब आले.

साहेब तरुण होते. नदीला सरकारनं 'विकसित' करायचं ठरवलं होतं आणि त्यासाठी इतिहास, निसर्ग आणि विरंगुळा अशा तीन गोष्टी प्रत्येक गावातून गोळा करत ते वरून खाली येत होते. समेटअण्णांनी त्यांना काठावर नेलं. धाकटा तिथंच गवत कापत होता.

"नदीला इतिहास काय आहे?" साहेबांनी विचारलं.

"आहे की. आधी तिकडनं जायची. आता इकडनं जाते."

"तसा नाही. एखादी लढाई वगैरे?"

"चालू आहे," अण्णा म्हणाले.

"बरं, निसर्ग?"

"निसर्गाला काय तोटा? हाकलला तरी जात नाही."

"पक्षी दिसत नाहीत ते?"

"होते. पण रोज सकाळी हे दोघं ओरडतात. पक्षी तरी किती ऐकून घेणार?"

साहेबांनी घाम पुसला. वरच्या गावात त्यांना गढी मिळाली होती, त्याच्या वरच्या गावात धबधबा. "अहो पण इथले लोक विरंगुळ्याला नदीवर येऊन करतात तरी काय?"

अण्णांनी गवत कापणाऱ्या धाकट्याकडं पाहिलं. "याचं भांडण ऐकतात."

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब स्वतः येऊन बसले. पहिल्या हाळीला दचकले, दुसऱ्या हाळीला ताठ झाले, आणि थोरला जेव्हा "तुझ्यासारखा भाऊ मगरीलाही होऊ नयेऽऽ" असं म्हणाला तेव्हा उठून उभे राहिले आणि टाळ्या वाजवल्या.

महिन्याभरात नदी विकसित झाली. काठावर पायऱ्या बांधल्या, त्यावर सिमेंटची बाकं. 'ऐतिहासिक संघर्षस्थळ' अशी पाटी लागली. थोडं पुढं 'पक्षी निरीक्षण स्थळ' अशी दुसरी पाटी, तिच्यावर पक्षी रंगवलेले. लोक तिथं थांबून पाटीचं निरीक्षण करत. खालच्या अंगाला वाळूची पोती रचून बांध घातला, म्हणजे पाणी तुंबून नावा चालतील. दोन्ही काठांना नावा आल्या त्या पायानं चालवायच्या, हंसाच्या आकाराच्या, पांढऱ्याशुभ्र, लांब मानेच्या. त्यांचा ठेका गावच्या न्हाव्यानं घेतला. दुकानाला कुलूप लावलं. गिऱ्हाइकाला लाइफ जॅकेट बांधताना तो सवयीनं मान एका बाजूला वाकवायचा आणि विचारायचा, "मागं जरा कमी करू का?"

बांधानं पाणी चढलं आणि उन्हाळ्यातली गुडघाभर नदी पुरुषभर झाली. थोरल्याची वांगी, धाकट्याची वाळूतली कलिंगडं, दोन्ही पाण्याखाली गेली. "पण दृश्य बघा," साहेब म्हणाले.

आणि भांडण रविवारवर गेलं.

ही गोष्ट सांगायला समेटअण्णाच आले. चहाचा कप हातात घेऊन म्हणाले, "आता रोज नाही भांडायचं. फक्त रविवारी, दहा वाजता."

"आणि इतर दिवशी?"

"गप्प बसायचं. रोज फुकट भांडलात तर रविवारी तिकीट काढून कोण येईल?"

"पण अण्णा, मला रोजची सवय आहे."

"घशाला विश्रांती दे. मागच्या खेपेला मागच्या बाकांपर्यंत आवाज आला नाही, अशी तक्रार आहे."

रविवारी माइक लागले. दोन्ही काठांवर एकेक खांब आणि खांबाला भोंगा. आता ओरडावं लागत नसे. पण भोंग्यातून थोरल्याचा आवाज यायचा तो थोरल्याचा वाटायचाच नाही, स्टँडवर गाडी लागल्याचं सांगतात तसा वाटायचा. थोरल्याला मात्र नवा टॉवेल मिळाला होता आणि तो जरा रंगातही आला होता. कुणीतरी त्याला सांगितलं होतं की हात हलवून बोललं की फोटो चांगला येतो. धाकटा एकदा मधेच म्हणाला, "वहिनीचा खोकला कसा आहे?" तर बाकांवरून पोरं ओरडली, "ओ काका, विषयावर या!" न्हाव्यानं नंतर बाजूला घेऊन समजावलं, "असलं घरगुती नको आणूस मधे. लोक लांबून येतात."

खोकला कसा आहे ते कळलं नाही. सोमवारी कळलं नाही, मंगळवारी कळलं नाही. सकाळची धार झाली की धाकटा तोंडावर हबका मारायचा, घसा खाकरायचा आणि अंगणातच उभा राहायचा. शेवटी बायको म्हणायची, "अहो, घसा मोकळा झालाच आहे तर म्हशीला तरी हाक मारा. तिकडं चरायला गेलीय."

त्यातच पोरीचं लग्न ठरलं.

मुलगा चांगला होता, ट्रॅक्टर दुरुस्त करायचा. पोरीला पसंत होता. व्याही तर इतके खूश की विचारू नका. ते दर रविवारी दुसऱ्या रांगेत बसत आले होते. "तुमच्यासारखं घराणं शोधून सापडायचं नाही," ते धाकट्याला म्हणाले. "आवाज काय, दम काय. आमच्याकडं सगळे पुटपुटणारे."

सगळं ठरलं आणि पोरगी म्हणाली, "काका पाहिजेत."

"कोण काका?"

"मला काका आहेत तरी किती? जवळ पाहिजेत. लग्नात माझ्या बाजूला उभे. तिकडच्या काठावरून भोंग्यातून आशीर्वाद दिलेले मला चालणार नाहीत."

"अगं, तो यायचा नाही. तो आला म्हणजे त्यानं पट्टा सोडला."

"मग तुम्ही जा."

"मी गेलो म्हणजे मी सोडला."

पोरीनं धुणं बादलीत भरलं. मग म्हणाली, "काका येतील तेव्हा तारीख काढा. तोवर मी इथंच आहे. मला काय घाई नाही." आणि धुण्याची बादली उचलून निघून गेली. जाता जाता एवढंच म्हणाली, "ट्रॅक्टरवाल्याला मात्र आहे."

धाकट्याची बायको चुलीपाशी बसून हे ऐकत होती. ती म्हणाली, "बरोबर बोलली."

"तू मधे बोलू नकोस."

"मी कुठं बोलले? मी आपली विस्तवाशी बोलले."

धाकटा समेटअण्णांकडं गेला. आयुष्यात पहिल्यांदा आपल्या पायानं गेला. अण्णा ओसरीवर पुढच्या रविवारच्या खुर्च्या पुसत होते.

"अण्णा, मिटवायचंय."

"काय?"

"भांडण. दादाशी. तुम्ही मधे पडा, तो तुमचं ऐकेल. पट्ट्याचं काहीही करा, पण पोरीच्या लग्नाला त्याला घेऊन या."

अण्णा खुर्चीवर बसले. मग उठले, दार लावून आले आणि पुन्हा बसले. "हे कुणाला बोललास का?"

"बायकोला माहीत आहे."

"तिला सांग, बाहेर फुटता कामा नये." अण्णांनी आवाज खाली आणला. "अरे, तुला कळतंय का तू काय म्हणतोयस? न्हाव्यानं दुकान बंद केलंय. बाकं सिमेंटची आहेत, ती काय उचलून नेता येतात? साहेबांची बढती तुमच्या पट्ट्यावर लटकलीय. आणि तू खुशाल मिटवायचं म्हणतोस? स्वतःपुरतं बघतोस?"

"अण्णा, तुम्ही मिटवायच्या समितीचे अध्यक्ष आहात ना?"

"आहे! म्हणूनच सांगतो. एवढ्या वर्षांत माझं ऐकलं नाहीस. तेव्हा मी किती चहा प्यालो तुझ्याकडं? तेव्हा नाही म्हणालास आणि आता गावाला चार सुखाचे दिवस आले तर निघालास प्रेम करायला!"

"पोरीचं लग्न आहे."

"पावसाळ्यात कर. पावसाळ्यात नावा बंद असतात. तेव्हा काय गळ्यात गळे घालायचे ते घाला, माझी ना नाही. फक्त रविवारी पुन्हा सुरू करा."

धाकटा उठला. अण्णा दारापर्यंत आले आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवून मायेनं म्हणाले, "मनात राग धर, बाबा. सगळं ठीक होईल."

रविवारी बाकं भरली होती. व्याही दुसऱ्या रांगेत होते, जावईही होता. साहेबांनी वरच्या कचेरीतले पाहुणे आणले होते. डोक्यावर एक ड्रोन गुणगुणत होता. थोरला पलीकडं नवा टॉवेल बांधून तयार होता, आणि त्याच्या मागं वहिनी, तांब्या घेऊन. दहा वाजले तसा त्यानं हात हलवला आणि त्याचा आवाज भोंग्यातून आला, "काय रे चोरा, पट्टा कुणाचा?"

धाकट्यानं माइक बाजूला केला. काठाच्या अगदी टोकाला गेला, दोन्ही हात तोंडाला लावले आणि जुन्या पद्धतीनं, पोटातून ओरडला, "दादाऽऽ! पोरीचं लग्न ठरलंऽऽ!"

पलीकडं थोरला तसाच उभा राहिला. मग सवयीनं त्याचा हात वर गेला. ऐकू आलं होतं. त्यानंही माइक ढकलला.

"कुणाशीऽऽ?"

"ट्रॅक्टर दुरुस्त करतोऽऽ!"

"दारू पितो काऽऽ?"

"नाहीऽऽ! इथंच बसलाय दुसऱ्या रांगेतऽऽ!"

जावई उठून उभा राहिला आणि पलीकडच्या अंगठ्याएवढ्या माणसाला वाकून नमस्कार केला. व्याह्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मागून कुणीतरी म्हणालं, "मागच्या रविवारी जास्त चांगलं झालं होतं."

समेटअण्णांनी धावत येऊन माइक हातात घेतला. "तांत्रिक कारणामुळं भांडणात थोडा व्यत्यय आलेला आहे. कृपया कुणी जागा सोडू नये."

"तू येऽऽ!" धाकटा ओरडला. "पोरगी म्हणते तू पाहिजेसऽऽ! जवळ पाहिजेसऽऽ!"

थोरल्यानं बराच वेळ हात वर केला नाही. एवढं वाक्य पोचायला एवढा वेळ कधीच लागला नव्हता. मग उत्तर आलं, "मी आलो तर पट्टा जाईलऽऽ!"

"मग मधे येऽऽ! मधे आलं तर कुणी ओलांडलं असं होत नाहीऽऽ!"

आणि उत्तराची वाट न बघता धाकटा नावांकडं धावला. न्हावी आडवा झाला. "तिकीट?"

"बाजूला हो."

"कलाकारांना नाव नाही. नियम आहे."

"मी कलाकार नाही. मी भाऊ आहे."

न्हाव्यानं विचार केला. भावांबद्दल नियमात काही नव्हतं. त्यानं जॅकेट गळ्यात टाकलं, मान एका बाजूला वाकवली, नाडी आवळली. "हळू मार पायडल. नवीन आहे, चेन उतरते."

पांढरा हंस काठ सोडून निघाला आणि त्यात बनियन-लुंगीतला धाकटा गुडघे छातीला लावून पायडल मारत होता. थोडं अंतर गेल्यावर त्यानं मान वर केली. समोरून दुसरा हंस येत होता. त्यात टॉवेल होता, टॉवेलाखाली थोरला होता, आणि जवळ येता येता तो मोठा होत होता. धाकट्याला वाटलं होतं भाऊ अजून तसाच असेल, पूर आला त्या दिवशीसारखा. पण त्याच्या मिशा पांढऱ्या झाल्या होत्या. लांबून हे दिसलं नव्हतं.

नदीच्या बरोबर मधे दोन्ही हंसांच्या चोची एकमेकींवर आपटल्या. खाली विहीर होती, आंबा होता, काळी माती होती. वर दोघे भाऊ हातभर अंतरावर बसले होते. हातभर अंतरावरून बोलायची दोघांनाही सवय राहिली नव्हती.

"कसा आहेसऽऽ?" थोरला ओरडला.

"बरा आहेऽऽ!" धाकटा त्याच्या कानाशी किंचाळला.

"केस गेले तुझेऽऽ!"

"वहिनीचा खोकला कसा आहेऽऽ?"

"थांबलाऽऽ! काढा दिलाऽऽ!"

"मला वाटलं काय झालं नि काय नाहीऽऽ!"

"मलाही वाटलंऽऽ! सोमवारपासून तू दिसला नाहीसऽऽ! मेलास की काय वाटलंऽऽ!"

हे सगळं बाकांवर स्पष्ट ऐकू येत होतं, आणि भोंग्याशिवाय. वरच्या कचेरीतले पाहुणे साहेबांना विचारत होते, हे दर रविवारी असंच संपतं का. साहेबांनी मान हलवली, ती हो अशीही होती आणि नाही अशीही.

"चल मगऽऽ," धाकटा म्हणाला.

"कुठंऽऽ? इथवर आलो, झालंऽऽ! पुढं नाहीऽऽ! पट्टा माझाऽऽ!"

"पोरगी काठावर उभी आहे रे."

हे तो हळूच बोलला. थोरल्याला ते ऐकू आलं. त्यानं काठाकडं पाहिलं. पायरीवर, पाण्याला लागून, एक बाई माणूस उभं होतं, पदर खोचून, हाताची छत्री करून इकडंच बघत. त्यानं शेवटचं नीट पाहिलं तेव्हा तिला 'उचल आधी' असं ओरडून सांगावं लागत होतं.

थोरला म्हणाला, "चेन उतरली."

"काय?"

"माझ्या हंसाची चेन उतरली. फिरत नाही. आता मी परत कसा जाणार?"

धाकट्यानं वाकून पाहिलं. चेन जागेवर होती, चांगली तेल लावलेली, चकाकत होती. थोरल्यानं दोन्ही पाय पायडलवरून उचलून मांडीखाली घेतले होते आणि तो पलीकडच्या झाडांकडं बघत होता.

"उतरलीय खरी," धाकटा म्हणाला. त्यानं थोरल्याच्या डोक्याचा टॉवेल काढला, एक टोक त्याच्या हंसाच्या मानेला बांधलं, दुसरं टोक आपल्या हंसाच्या शेपटीला, आणि पायडल मारायला लागला.

"मी आलेलो नाही," मागून थोरला म्हणाला. "ध्यानात ठेव. मला ओढून आणलंय."

"हो."

"सगळ्यांनी बघितलंय."

"बघितलंय ना. तू गप्प बस, मला दम लागतो."

काठाला लागल्यावर पोरीनं काकाला हात दिला. थोरला पायरीवर उभा राहिला. तो तिच्या खांद्याला लागत होता.

"काका," ती म्हणाली, "एवढेच?"

"एवढाच," थोरला म्हणाला. मग तो जावयाकडं वळला आणि दरडावून म्हणाला, "ट्रॅक्टर चांगला दुरुस्त करतोस ना रे? की नुसता तेल पितोस?"

जावयानं पुन्हा वाकून नमस्कार केला. धाकट्याच्या बायकोनं पाणी आणलं. समेटअण्णा एका बाकावर बसले होते आणि सिमेंटवरून हात फिरवत होते. पाहुणे उठायला लागले होते.

तेवढ्यात पलीकडच्या काठावरून हाक आली.

"अहोऽऽ!"

सगळे वळले. वीसेक वर्षं तांब्या धरून मागं उभी राहिलेली वहिनी आता पुढं, अगदी टोकाला आली होती. तांब्या तिनं खाली ठेवला होता.

"तुम्हाला ओढून नेलंऽऽ! मला कोण नेणारऽऽ? पोरगी काय तुमच्या एकट्याची लागतेऽऽ?"

आवाज असा खणखणीत की ड्रोनसुद्धा बाजूला झाला. उठलेले पाहुणे बसले. अण्णांनी मान वर केली. दोघा भावांची उच्चारातली, दमाची, वाऱ्याची प्रत्येक चूक तिनं मागं उभं राहून ऐकली होती, आणि ती त्यातली एकही करत नव्हती.

धाकट्यानं जॅकेट अजून सोडलं नव्हतं. त्यानं टॉवेल सोडवला, हंस वळवला आणि एक पाय आत टाकला.

"कुठं निघालास?" थोरला म्हणाला.

"वहिनीला आणायला."

"तू तिकडच्या काठाला लागलास की पट्टा माझा. सांगून ठेवतो."

धाकट्यानं पलीकडं पाहिलं. तांब्याशेजारी वहिनी कमरेवर हात ठेवून उभी होती. तिनं लग्न होऊन घरात आल्यावर त्याला पहिल्यांदा वाढलं तेव्हा तो शाळेत जात होता.

"घे," धाकटा म्हणाला आणि पायडल मारलं.

थोरला पायरीवर उभा राहिला. पाण्याखालची काळी माती, विहीर, आंबा, सगळं त्याचं झालं होतं, आणि हंस पुढं पुढं जात होता.

"घे काय घे?" तो म्हणाला. मग एकदम पुढं धावला, पाण्यात दोन्ही पावलं भिजली तरी त्याला कळलं नाही. हात तोंडाला लावून तो जीव खाऊन ओरडायला लागला, "ए गाढवाऽऽ! असा फुकट नको मलाऽऽ! परत फीरऽऽ! भांडून देऽऽ!"

धाकट्यानं पाठीमागं न बघता हात वर केला. ऐकू आलं होतं. पायडल थांबलं नाही.

समेटअण्णांनी घाईघाईनं माइक चालू केला.